रोबोला सरकारी नोकरी लावणारा लेखक

१९८८ सालच्या एप्रिलमध्ये जपानच्या दुकानांत एक व्हिडिओ टेप आली. टोकियो पोलिसांनी दोन नवेकोरे रोबो घेतलेत, प्रत्येकी आठ मीटर उंच. नव्या तुकडीतली पोरं ते चालवायला उतावीळ झालीत. शहरात गोंधळ सुरू झालाय, आता रोबो येणार आणि गुंडांना लोळवणार, म्हणून प्रेक्षकही सरसावून बसलाय. रोबो मात्र आहेत कुठे? ट्रेलरवर आडवे निजवलेले, टोकियोच्या ट्रॅफिकमध्ये. पुढे गाड्या, मागे गाड्या, आणि मधे पोलिस दलाची सगळ्यात महागडी खरेदी अडकून पडलेली.

जपानी रोबोपटांच्या पंचवीस वर्षांत असं कुणी केलं नव्हतं. आधीचे रोबो हाक मारली की आकाशातून उतरायचे, समुद्र दुभंगून वर यायचे. सिग्नलला थांबलेला रोबो कुणी पाहिला नव्हता. या टेपेची पटकथा लिहिली होती कझुनोरी इतो यांनी, आणि त्यांच्या पुढच्या पंधरा वर्षांच्या कामाची चुणूक त्या एका वाहतूक कोंडीत आहे.

आपल्याकडे जपानी कार्टून म्हटलं की दूरदर्शनवरचा रविवारचा मोगली आठवतो (तो जपानी आहे हे आपल्याला बऱ्याच उशिरा कळलं), नंतरच्या पिढीला डोरेमॉन. त्यामुळे इतोंचं नाव इथे कुणी ऐकलेलं असण्याचं कारण नाही. खुद्द जपानबाहेरही ‘घोस्ट इन द शेल’ या चित्रपटाचं नाव घेतलं की दिग्दर्शक मामोरू ओशिईंचं नाव निघतं. पटकथा कुणाची, हा प्रश्न सहसा कुणाला पडत नाही.

त्याचं एक कारण तिथल्या कामाच्या पद्धतीत आहे. जपानी पटकथाकार पूर्वी दोनशे चौकटींच्या कागदावर लिहायचा, एका चौकटीत एक अक्षर. या कागदाला धंद्यात ‘पेरा’ म्हणतात. लिहून झालं की ‘होनयोमी’ बसते, म्हणजे संहितेचं वाचन. निर्माता, दिग्दर्शक, वाहिनीचा माणूस, मूळ कथा कुणा प्रकाशकाची असेल तर त्याचाही माणूस, सगळे टेबलाभोवती बसून एकेक पान सोलतात. दुरुस्त्या होतात, पुन्हा लिहिलं जातं, पुन्हा वाचन. शेवटी संहिता पास झाली की ती दिग्दर्शकाच्या हाती जाते आणि तो ‘एकोन्ते’ काढायला बसतो. चौकटीचौकटींत रेखाटलेला, सेकंदांचा हिशोब मांडलेला तो आराखडा म्हणजेच खरा सिनेमा. त्यात लेखकाचं किती उरेल ते दिग्दर्शकाच्या मर्जीवर. ओशिईंसारखा दिग्दर्शक असला तर बरंच काही बदलतं. आपल्याकडे नाटककाराला जो मान असतो तो तिथल्या ॲनिमेशन-लेखकाच्या वाट्याला क्वचितच येतो.

इतोंचा जन्म २४ डिसेंबर १९५४ चा, ईशान्येकडच्या यामागाता प्रांतात, कामिनोयामा या गरम पाण्याच्या झऱ्यांच्या गावी. म्हणजे पहिला ‘गोडझिला’ नोव्हेंबर १९५४ मध्ये पडद्यावर आला, त्यानंतर महिन्या-दीड महिन्याने. १ जानेवारी १९६३ ला ओसामू तेझुकांची ‘तेत्सुवान आतोमु’ ही रोबोची मालिका टीव्हीवर सुरू झाली तेव्हा हा मुलगा आठ वर्षांचा होता. ‘माझिंगर झेड’ आला १९७२ मध्ये आणि महाकाय रोबोत माणूस बसू लागला. १९७९ मध्ये ‘गुंडाम’ने त्याच रोबोला सैन्यातलं हत्यार करून टाकलं. या महाकाय रोबोंच्या मालिकांचं अर्थकारण मात्र एकच होतं, खेळण्यांचा कारखाना. रोबोची मालिका म्हणजे अर्ध्या तासाची जाहिरात. खेळणी खपली नाहीत की मालिका आवरती घ्यायची. आज जिला लोक डोक्यावर घेतात ती ‘गुंडाम’सुद्धा बावन्न भागांची ठरली होती, ती त्रेचाळिसावर गुंडाळली गेली.

इतो स्टुडिओ पिएरो या नव्या संस्थेच्या वर्तुळात आले. १९८१ मध्ये तिथे रुमिको ताकाहाशींच्या ‘उरुसेई यात्सुरा’ची मालिका सुरू झाली, मुख्य दिग्दर्शक ओशिई. परग्रहावरची राजकन्या एका मध्यमवर्गीय जपानी घरात मुक्काम ठोकते आणि ‘मी तुमची सून’ म्हणून वावरते, असा सगळा मामला. इतो या मालिकेसाठी लिहू लागले. विजेचे झटके देणारी परग्रहवासी पोरगी आणि ‘हा मुलगा जन्मालाच आला नसता तर बरं झालं असतं’ म्हणून कुरकुरणारी आई एका छताखाली नांदवायची, ही तालीम त्यांना पुढे चांगलीच उपयोगी पडली.

१९८३ मध्ये त्याच स्टुडिओसाठी त्यांनी ‘क्रीमी मामी’ची मूळ कल्पना रचली. वरवर पाहता ही लहान मुलींची जादूची मालिका. क्रेपचं दुकान चालवणाऱ्या आई-बापांची दहा वर्षांची यू एका अंतराळयानाला मदत करते, बदल्यात तिला जादू मिळते आणि ती सोळा-सतरा वर्षांची लोकप्रिय गायिका होऊ शकते. जादूला मात्र मुदत आहे, बरोबर एक वर्ष. वर्ष संपलं की सगळं परत. परीकथेत भाडेकराराची अट घालणारा हा लेखक पुढे रोबोला परवाना आणि राक्षसाला कायद्याचं कलम लावणार, यात नवल काय? बावन्न भागांच्या या मालिकेतली पात्रं रेखाटली होती अकेमी ताकादांनी. हेही नाव लक्षात ठेवा.

याच सुमारास काही मित्रमंडळींचा एक उद्योग चालला होता. जमायचं आणि न निघणाऱ्या मालिकांचे आराखडे करायचे. मासामी युकी तेव्हा चित्रकथांच्या धंद्यात नवखा होता. त्याच्या वहीत एक कल्पना होती. नजीकच्या भविष्यात बांधकामावर क्रेन-बुलडोझरच्या जागी माणसाच्या आकाराची अवजड यंत्रं येतील, त्यांचं नाव ‘लेबर’. यंत्रं आली की ती चोरणारे, दारू पिऊन चालवणारे आले. मग त्यांना आवरायला पोलिस आले. पोलिसांचं गस्ती यंत्र म्हणून ‘पेट्रोल लेबर’, म्हणजेच ‘पॅटलेबर’. यंत्रांचे आराखडे करणारा युताका इझुबुची, इतो आणि ताकादा या उद्योगात सामील झाले. योजना काही वर्षं तशीच पडून राहिली. शेवटी ओशिई आले आणि पाचांचा गट झाला. नाव ठेवलं ‘हेडगियर’.

या गटाची खरी हुशारी श्रेयनामावलीतल्या एका ओळीत आहे, ‘मूळ कल्पना: हेडगियर’. एरवी पटकथाकाराला भागागणिक बिदागी मिळते आणि मूळ हक्क दुसऱ्या कुणाकडे असतात. इथे चित्रकथाकार, पटकथाकार, यंत्ररचनाकार, पात्ररचनाकार आणि दिग्दर्शक पाचही जण मूळ मालक झाले.

टीव्हीच्या वाटेला न जाता त्यांनी थेट टेप काढली, म्हणजे खेळणीवाल्याची कटकट गेली. ही वाट १९८३ मध्ये ओशिईंच्याच ‘दालोस’ने उघडली होती. पण तोवर अशा टेपा शौकिनांच्या, महागड्या असत. ‘पॅटलेबर’ची टेप ठेवली ४,८०० येनला, बाजारभावाच्या साधारण निम्म्यात. स्वस्त टेप म्हणजे खर्चही बेताचा आणि रोबोची हाणामारी काढणं तर सगळ्यात खर्चिक काम. मग काय करायचं? माणसांना बोलू द्यायचं. इतोंच्या लेखणीला हवी होती ती जागा अशी काटकसरीतून मिळाली.

टोकियो पोलिसांचं ‘विशेष वाहन विभाग, कक्ष २’ हे ठाणं उपसागरात भराव टाकून केलेल्या ओसाड जमिनीवर आहे. आसपास दुकान नाही, वस्ती नाही. कारागीर मंडळी फावल्या वेळात मासे पकडतात. जेवण मागवायचं तर एकच चिनी खानावळ, शांघाय-तेई. पुढे टीव्ही मालिकेत एक अख्खा भागच या जेवणावर आहे. ऑर्डर दिली, जेवण आलं नाही, चौकशीला गेलेला माणूस परतला नाही, आणि बघता बघता पोलिसांचं ते ठाणं भुकेने कोसळलं. हा भाग ओशिईंनी लिहिलाय, पण ज्या जगात तो शोभतो ते जग इतोंनी आधीच उभं करून ठेवलं होतं. तुकडीतला ओता ऊठसूट गोळ्या झाडतो, की लगेच ‘शिमात्सुशो’, म्हणजे काय घडलं आणि का घडलं याचा माफीवजा लेखी खुलासा. नोआ इझुमी आपल्या रोबोला लाडाने ‘अल्फोन्स’ म्हणते, लहानपणी पाळलेल्या कुत्र्याचं नाव. आणि या सगळ्यांवर कॅप्टन गोतो. पेंगुळलेले डोळे, खाली घसरलेले खांदे. कधीकाळी याला ‘वस्तरा’ म्हणायचे. फार धारदार होता म्हणूनच वरिष्ठांनी या आडगावी पाठवून दिला. ज्याने कुठल्याही मोठ्या कचेरीत दहा वर्षं काढलीत त्याने एक तरी गोतो पाहिलेला असतो.

जाता जाता एक आपली गोष्ट. युकींच्या चित्रकथेत ग्रिफन नावाचा काळा रोबो आहे, आणि तो चालवणारा पोरगा भारतीय आहे. नाव बद्रीनाथ हरचंद, सगळे त्याला बाद म्हणतात. मुलांच्या व्यापारातून विकत आणलेलं हे पोर, त्याला सगळा व्हिडिओ गेमच वाटतो. जपानी लोकप्रिय साहित्यात भारतीय पात्र म्हणजे योगी नाहीतर आचारी, अशा काळातलं हे पात्र आहे.

१९८९ उजाडलं. जपानमध्ये पैशाला पूर आला होता. जमिनींचे भाव आभाळाला भिडलेले. टोकियोच्या उपसागराखालून बोगदा आणि वरून पूल अशा ॲक्वा-लाइनचं काम त्याच वर्षी सुरू झालं. वर्षअखेरीस शेअर बाजाराने ३८,९१५ चा आकडा गाठला आणि पुढच्या तीन दशकांत तो पुन्हा दिसला नाही. अशा भरतीच्या ऐन मध्यावर, १५ जुलै १९८९ ला, ‘पॅटलेबर’चा पहिला चित्रपट लागला.

माझ्या मते इतोंची सगळ्यात पक्की पटकथा हीच. सुरुवातीलाच एक माणूस समुद्रातल्या एका प्रचंड बांधकामावर उभा आहे. तो हसतो आणि खाली उडी मारतो. नंतर श्रेयनामावली. हा माणूस म्हणजे एइइची होबा, चित्रपटाचा खलनायक. पडद्यावर नाव यायच्या आत मेला! आता पोलिस पकडणार कुणाला, आणि धमकी देणार कोण? उरलेले दीड तास एका मेलेल्या माणसाशी झुंज चालते.

होबाने मरण्यापूर्वी लेबर यंत्रांसाठी एक ऑपरेटिंग सिस्टिम लिहिली, ‘हॉस’. यंत्रं तिच्यामुळे जास्त चपळ होतात, म्हणून टोकियोतल्या बहुतेक लेबरमध्ये ती भरली गेली. आणि मग यंत्रं आपणहून पिसाळू लागली. शोध घेता घेता कळतं की वारा उंच इमारतींवर आदळून जो खोल, कानाला न कळणारा घुमारा निघतो तो या प्रणालीतली छुपी आज्ञा जागी करतो. शहर जितकं उंच, तितका धोका मोठा. समुद्रातलं ते बांधकाम, लेबर यंत्रांचा तळ, सगळ्यात मोठा घुमारा तिथून निघणार. आणि हवामान खात्याचा इशारा आहे, चक्रीवादळ येतंय.

हे १९८९ साली. घरात संगणक असणारी माणसं तेव्हा जपानातही थोडी होती. ‘व्हायरस’ हा शब्द बहुतेकांना तापाच्या संदर्भातच ठाऊक. अशा प्रेक्षकाला ऑपरेटिंग सिस्टिम हा खलनायक पटवून द्यायचा होता. इतोंनी त्यासाठी एकही व्याख्यान दिलं नाही. विषय निघतो तो गॅरेजमध्ये, दुरुस्तीच्या गप्पांत, नवं सॉफ्टवेअर चांगलं की जुनं बरं अशा कुरबुरीत. आणि अखेर तुकडीचे रोबो वाचतात ते कुणाच्या शौर्याने नाही. शिगे नावाच्या मिस्त्रीला नव्या प्रणालीची पुरती खात्री वाटत नव्हती, म्हणून त्याने ती भरलीच नव्हती. वरून आदेश होता, त्याने गुपचूप कानाडोळा केला. कामाच्या ठिकाणी असा एक तरी संशयी गडी असावा, हे इतोंना नेमकं ठाऊक होतं.

याच चित्रपटात एक लांबलचक तुकडा आहे, त्यात काहीही घडत नाही. मात्सुई नावाचा डिटेक्टिव्ह होबाच्या जुन्या पत्त्यांवर फिरतो. प्रत्येक पत्ता पाडापाडीच्या वाटेवरचा. लाकडी घरं, ओस पडलेल्या गल्ल्या, तुंबलेले कालवे, आणि घरांच्या मागे काचेचे मनोरे. उकाडा, घाम. हा गुन्हेगार आपल्याला काय दाखवू पाहत होता, असा प्रश्न पोलिसाला हळूहळू पडतो. चित्रं आणि शांतता ओशिईंची, पक्षी ओशिईंचे, बाबेलच्या मनोऱ्याचे दाखलेही त्यांच्याच आवडीचे. पण तपासाची जी वीण त्या शांततेला धरून ठेवते, कोण कुणाला कधी फोन करतो, वादळाला किती तास उरलेत, परवानगी कुणाची लागेल आणि ती न घेता कसं भागवायचं, ती पटकथाकाराची. ती सैल असती तर ते फिरणं निव्वळ कंटाळवाणं झालं असतं. ओशिईंनी पुढे स्वतःच लिहिलेल्या काही चित्रपटांत तसं झालंही आहे, हे त्यांच्या चाहत्यांनी माझ्यावर चिडून का होईना मान्य करावं.

दुसरा चित्रपट ७ ऑगस्ट १९९३ चा. मधल्या चार वर्षांत पैशाचा तो फुगा फुटला होता. १९९२ च्या जूनमध्ये जपानी संसदेने शांतिसेनेचा कायदा केला आणि सप्टेंबरमध्ये स्वसंरक्षण दलाचे जवान कंबोडियाला निघाले. चित्रपट उघडतो तो आग्नेय आशियातल्या जंगलात. त्सुगे नावाचा अधिकारी संयुक्त राष्ट्रांच्या झेंड्याखाली आलाय. हल्ला होतो. तो रेडिओवर गोळीबाराची परवानगी मागतो. परवानगी मिळत नाही. माणसं मरतात. पुढे तो टोकियोत परततो आणि शहरावर युद्धाचा आभास लादतो. योकोहामाचा बे ब्रिज क्षेपणास्त्राने उडतो, पण ते सोडलं कुणी? पोलिस सैन्यावर संशय घेतात, सैन्य पोलिसांवर, आणि सरकार दोघांवर. शेवटी टोकियोच्या रस्त्यांवर रणगाडे उभे राहतात, बर्फ पडू लागतो, आणि लोक रोजच्यासारखे कचेरीला जातात.

इथे रोबो जवळजवळ नाहीतच. आहेत त्या बैठका, फोन, फायली आणि गोतोसमोर बसलेला अराकावा नावाचा गूढ गृहस्थ. अन्याय्य शांतता बरी की न्याय्य युद्ध, यावर त्या दोघांचं दीर्घ बोलणं होतं, आणि त्याची चर्चा आजही होते. ते बोलणं ओशिईंच्या विचारांचं आहे हे उघड. मला मात्र जास्त भिडते ती पोलिस मुख्यालयातली बैठक. वरिष्ठ मंडळी जबाबदारी एकमेकांकडे ढकलत बसलीत, त्यांचा सारा जीव स्वतःच्या खात्याच्या अब्रूत अडकलाय. त्या टेबलापाशी आयुष्यभर शांत राहिलेला गोतो पहिल्यांदाच तोल सोडून बोलतो. दोन चित्रपट, दोन टेपमालिका आणि टीव्हीचे सत्तेचाळीस भाग या माणसाला जांभया देत ठेवल्यावर तो आवाज चढतो, म्हणून तो ऐकू येतो.

१९९५ हे जपानचं वाईट वर्ष. १७ जानेवारीला कोबेचा भूकंप, २० मार्चला टोकियोच्या भुयारी रेल्वेत सारिन वायू. या दोहोंच्या मधे, ११ मार्चला, ‘गामेरा’ लागला आणि १८ नोव्हेंबरला ‘घोस्ट इन द शेल’. दोन्हीच्या पटकथा इतोंच्या.

गामेरा हे १९६५ सालचं महाकाय कासव, लहान मुलांचा कैवारी. नव्या चित्रपटात जिवंत नट आहेत आणि रबरी पोशाखातला राक्षस आहे, म्हणजे हे ॲनिमेशन नव्हे, तरी त्याला वगळून इतो कळत नाहीत. दिग्दर्शक शुसुके कानेको, ट्रिक-दृश्यांचे प्रमुख शिंजी हिगुची. इतोंनी विचारलेला प्रश्न साधा होता. राक्षस खरंच आला तर सरकारी यंत्रणा काय करील? आधी समिती नेमेल. माणसं खाणाऱ्या पक्ष्यांना दुर्मिळ प्रजाती समजून जिवंत पकडायचं ठरवेल, त्यासाठी फुकुओकाच्या बेसबॉल स्टेडियमचा पिंजरा करील, आणि त्यांना मारायला आलेल्या गामेरावरच तोफा डागील. चित्रपटात झालंही अगदी असंच.

१९९६ चा दुसरा भाग त्याहून सरस. सप्पोरोत एका रात्री बिअरच्या कारखान्यात गडबड होते. सकाळी पाहतात तर जमिनीवर बिअरचा पूर आणि बाटल्या गायब. बिअर तशीच टाकून बाटल्या कोण नेईल? शहरात दूरसंचार कंपनीच्या ऑप्टिकल फायबरच्या तारा गायब होतात. काच गेली, फायबर गेलं, म्हणजे सिलिकॉन! परग्रहावरून आलेला जीव सिलिकॉन खातोय, हे प्रेक्षकाला शास्त्रज्ञाने सांगायच्या आधी बिअरने सांगितलेलं असतं. त्या कारखान्यातला रखवालदार ओळखीचा वाटतो, कारण पहिल्या भागात तो पोलिस अधिकारी होता. राक्षसांचं दर्शन झाल्यावर त्याने नोकरी सोडलीय. तिसऱ्या भागात तो बेघर होऊन भेटतो. तीन चित्रपटांच्या कडेकडेने एका साध्या माणसाची अशी घसरण लिहून ठेवायची, ती कुणाच्या लक्षात येवो न येवो. या दुसऱ्या भागाला त्या वर्षीचा निहोन एसएफ ताइशो, म्हणजे जपानचा विज्ञानसाहित्याचा मोठा सन्मान, मिळाला.

‘घोस्ट इन द शेल’बद्दल जगभर इतकं लिहिलं गेलंय की इथे थोडक्यात आटोपतो. मासामुने शिरोंची मूळ चित्रकथा विनोदी, पसरट, समासात बारीक टिपांनी भरलेली. इतोंनी तिच्यातून एक प्रकरण उचललं. लोकांच्या मेंदूत शिरून खोट्या आठवणी पेरणारा ‘कठपुतळीवाला’, आणि त्याच्या मागावर असलेली, देहाने जवळपास सगळी यंत्र झालेली कुसानागी. बाकी सारं कापलं. विनोद गेला, नायिकेचे नखरे गेले, ब्याऐंशी मिनिटांचा सडसडीत चित्रपट उरला. त्यातला कचरा गोळा करणारा माणूस आठवा. बायको-मुलीसाठी तो धडपडतोय, आणि पोलिस त्याला सांगतात की तुला बायकोही नाही आणि मुलगीही नाही, त्या आठवणी तुझ्या डोक्यात घातल्या गेल्यात. तो विचारतो, मग त्या पुसता येतील का? शिरोंच्या पानावरचा हा प्रसंग पडद्यावर त्या एका खोलीपुरता थांबतो, आणि मागची सगळी तंत्रज्ञानाची बडबड मुकी होते. हा चित्रपट लागल्यानंतर पाचव्या दिवशी जपानमध्ये विंडोज ९५ ची विक्री सुरू झाली. १९९६ च्या ऑगस्टमध्ये अमेरिकेतल्या ‘बिलबोर्ड’च्या व्हिडिओ विक्री यादीत तो पहिल्या क्रमांकावर गेला, आणि ‘मॅट्रिक्स’वाल्यांनी त्याचं ऋण कधी लपवलं नाही.

ओशिईंसोबतचा पुढचा मोठा चित्रपट ‘अवालोन’. पोलंडमध्ये, पोलिश नटांसह, पोलिश भाषेत चित्रित झालेला, २००१ चा. विषय, बेकायदा आभासी युद्धखेळात रमलेली माणसं. २००४ मध्ये ‘घोस्ट’चा पुढचा भाग ‘इनोसन्स’ आला, तो ओशिईंनी एकट्यानेच लिहिला. दोन्ही ओळीने पाहिले तर पटकथाकार गेला की काय जातं ते कळतं. ‘इनोसन्स’ पहिल्यापेक्षा कितीतरी देखणा आहे, आणि त्यातली पात्रं बोलतात कमी, अवतरणं फेकतात जास्त.

इतो मधल्या काळात ‘डॉट हॅक’च्या जगात शिरले होते. एकाच वेळी व्हिडिओ गेम आणि टीव्ही मालिका अशी ती योजना, २००२ ची. ऑनलाइन खेळात एक मुलगा अडकलाय, त्याला बाहेर पडता येत नाही. पुढच्या वीस वर्षांत या कल्पनेवर जपानमध्ये एक अख्खा साहित्यप्रकार पोसला गेला, तलवारी, राक्षस, पातळ्या वगैरे. इतोंच्या मालिकेत मात्र पात्रं बहुतेक वेळ बसून बोलत असतात. पुलावर, पायऱ्यांवर, मोकळ्या माळावर. तू खरा कोण, तुझ्या घरी कोण असतं, तू उद्या येशील का. मारामारीच्या आशेने आलेले बरेच प्रेक्षक वैतागून गेले. मालिका संथ आहे हे खरंच, आणि काही भाग तर नुसते रेंगाळतात. पण इंटरनेटवर माणसं प्रत्यक्षात काय करतात हे या लेखकाने बरोबर ओळखलं होतं. ती राक्षस मारत नाहीत, गप्पा मारतात.

त्यांच्या कामाची सावली कुठे कुठे पडली ते पाहायला फार लांब जावं लागत नाही. १९९७ ची ‘ओदोरु दाइसोसासेन’ ही लोकप्रिय पोलिस मालिका, त्यातली फायली, हुद्दे आणि जेवणाच्या डब्यांची भांडणं. तिचे दिग्दर्शक कात्सुयुकी मोतोहिरो ‘पॅटलेबर’चा प्रभाव उघड सांगतात. २०१६ च्या ‘शिन गोडझिला’त राक्षसापेक्षा बैठकाच जास्त आहेत. त्याचे एक दिग्दर्शक म्हणजे तेच शिंजी हिगुची, ‘गामेरा’वाले.

त्याच २०१६ मध्ये ‘पॅटलेबर’चा एक छोटा चित्रपट निघाला, तरुण दिग्दर्शक यासुहिरो योशिउरांचा. सहलेखक म्हणून नाव होतं इतोंचं. त्यानंतर ‘पॅटलेबर ईझी’ जाहीर झाला. दिग्दर्शन इझुबुचींचं, पटकथा पुन्हा कझुनोरी इतो. डिसेंबर २०२४ मध्ये त्यांनी सत्तरी पूर्ण केली.

कुणाला पाहावंसं वाटलं तर ‘घोस्ट इन द शेल’ने सुरुवात करू नका, तो सगळ्यांनी पाहिलेलाच असतो. १९८९ चा ‘पॅटलेबर’ लावा, आणि घड्याळ समोर ठेवून रोबो किती मिनिटं दिसतात ते मोजा.